सात किलो जास्त

रायपुरातल्या आमच्या पाऱ्यातले, म्हणजे मोहल्ल्यातले, कंट्रोलवाले काका दुकानात स्वतःचा जेवणाचा डबाही नेत नसत. सरकारी धान्याच्या दुकानात खासगी दाणा ठेवायचा नाही असा नियम, आणि डब्यातला भात हा काकांच्या मते दाणाच. दुपारी ते बाहेर पायरीवर, डोक्यावर गमछा घेऊन जेवत. कोणी हसलं तर म्हणत, "आत सरकारचा, बाहेर माहा. सांडल्यावर कोणता कोणाचा, सांगता येते काय?"

सकाळी कुलूप काढलं की आधी फळ्यावर साठा आणि भाव लिहायचे, मग नमुन्याच्या तांदळाची पिशवी खिळ्याला टांगायची, मग उदबत्ती. देवाचा नंबर तिसरा. कार्डवाल्याला परत पाठवायचं नाही आणि वाटपाच्या दिवसांत दुकान बंद ठेवायचं नाही, हे त्यांच्या हाडीमाशी भिनलेलं. मुलीचं लग्न नागपूरला नेमकं त्याच दिवसांत आलं. तिची पाठवणी होत होती तेव्हा काका परतीच्या गाडीत होते. काकू हे प्रत्येक पाहुण्याला चहा देता देता सांगत, आवाज न चढवता. तसं सांगितलेलं जास्त लागतं.

लायसन मुळात वडिलांचं. ते गेल्यावर "दोन वर्षं पाहतो" म्हणून काका बसले ते बसलेच. काकूंचे गुडघे गेले, मुलगी नागपूरला बोलावू लागली, तेव्हा काकांनी राजीनामा दिला. उत्तर आलं, दुसरी व्यवस्था होईपर्यंत चालवा. पुढच्या वर्षी पुन्हा दिला, पुन्हा तेच उत्तर. "मास्तर," ते मला म्हणाले, "संन्यास घेता येते, पण हे कंट्रोल सोडता येत नाही. दारातून बाहेर पाहून राहिलो, अन् पाय आत."

मी शाळामास्तर, म्हणून दुकानावर देखरेख ठेवणाऱ्या समितीत माझं नाव होतं. त्यामुळे फुलबाईचं प्रकरण मला माहीत झालं. रायपूर राजधानी झालं, रस्ते रुंद झाले, तिची वस्ती शहराबाहेर गेली आणि नव्या यादीत तिचं नाव आलंच नाही. म्हातारी मात्र जुनं कार्ड पदरात बांधून दर महिन्याला बसनं यायची. काकांना तिला तांदूळ देता येत नव्हता आणि तिला तसं सांगवतही नव्हतं. मग गोल बाजारातून विकत आणलेला सात किलो तांदूळ ते आदल्या दिवशी सरकारी पोत्यात ओतत आणि रांगेत तिचा नंबर आला की सगळ्यांसारखा काट्यावर तोलून देत. कार्डावर खूण करायची ती पेन्सिलीनं. पेनानं केली असती तर खोटी नोंद झाली असती ना! या माणसाच्या प्रामाणिकपणापुढे मी हात टेकले होते.

"घेतलास ना नीट?" काका विचारत.

"हव भैया," म्हणून ती डोक्यावर गठुडं चढवी.

शेवटी एकदा राजीनामा मंजूर झाला. काकूंनी ट्रंका बांधल्या. फक्त साठा मोजून दुकान सोपवायचं राहिलं होतं. त्या महिन्यात फुलबाई आजारी पडली आणि आली नाही. निरीक्षक मात्र आले, न कळवता. पोती तोलली गेली. रजिस्टरपेक्षा सात किलो जास्त.

"कम निकलता तो समझ में आता," निरीक्षक म्हणाले. "ज़्यादा किसका हक मारकर बचाया?"

मी तोंड उघडणार तोच काकांनी माझा हात दाबला. "नाव घेऊ नका, मास्तर. तिले बयान द्याले बोलावतील. बिनकार्डाची हाय हे तिले त्या कचेरीत कळन."

पंचनाम्यावर पंच म्हणून मी सही केली. ती सही मला आजही टोचते. चौकशी लागली, राजीनामा स्थगित झाला. वर्षभरानं ताकीद आली आणि खाली तेच वाक्य, पुढील आदेशापर्यंत दुकान चालवावे.

काकू एकट्या नागपूरला निघाल्या. वाटपाचा दिवस होता, म्हणून स्टेशनवर सोडायला मी गेलो. फलाटावर मला राहवेना. म्हटलं, "काकू, काकांवर राग धरू नका. तो तांदूळ जास्त कसा निघाला, ते मला माहीत आहे."

"मले नाही माहीत काय?" त्या म्हणाल्या. "गोल बाजारातून मीच आणत होती. खडे मीच निवडत होती."

गाडी आली. मी सामान चढवलं. काकूंनी खिडकीतून मला जवळ बोलावलं.

"फुलबाई वीस तारखेले येते, मास्तर भाऊ. आता ते काम तुमच्याकडे. सकाळीच तांदूळ दुकानात नेऊन द्या. अन् ती आली नाही, तर अंधार पडायच्या आत उचलून आणा. उरू देऊ नका."

वीस तारखेला सकाळी, ज्या हातानं पंचनाम्यावर सही केली होती त्याच हातात सात किलोची पिशवी घेऊन, मी कंट्रोलच्या मागच्या दारी उभा होतो. काकांनी दार उघडलं, पिशवीकडे पाहिलं, आणि माझ्याकडे न बघता म्हणाले, "आता तुम्हीही फसले, मास्तर."