ट्रंकेखालचं सारवण

आई गेली तेव्हा मी अठरा वर्षांची होते आणि मला काहीही वाटलं नाही. हे सांगायची आज लाज वाटते, पण तेव्हा लाजही वाटली नव्हती. शेजारणी पिठलंभात आणून देत आणि मी तो दोनदा वाढून घेत असे. पोरीला कुणीतरी रडवा, असं एकजणी दुसरीला हळूच सांगत होती. मी ते ऐकलं, हात धुतले आणि पाट उचलून भिंतीला लावला.

चोपन्न-पंचावन्नचा सुमार असेल. डोंबिवलीत आमच्या दोन खोल्या होत्या आणि पुढे पडवी, जमीन शेणाची. बाबा ठाण्याच्या एका शाळेत शास्त्र शिकवत. मुळात ते मोजकं बोलणारे, आता तेवढंही बंद झालं होतं.

सुतक फिटलं त्या दिवशी घर सारवायला कल्याणहून आत्या आली. बाबांची थोरली बहीण. शेण कालवून आम्ही मधल्या खोलीत आलो तो, आईची खाट असायची त्या जागेशेजारी बाबांनी मोठी लोखंडी ट्रंक ओढून ठेवलेली आणि स्वतः तिच्यावर बसलेले.

"ऊठ," आत्या म्हणाली.

"एवढं राहू दे."

"अरे, ट्रंकेखालचं सुतक काय आपोआप फिटतं?"

बाबा हलले नाहीत. आत्याने ट्रंकेला वळसा घालून सारवलं. बाबांच्या पायांवर शेणाचे दोन शिंतोडे उडाले. ते चुकून उडाले असं मला अजूनही वाटत नाही.

महिनाभराने उलगडा झाला. शाळेतल्या कुणाकडून बाबांनी मोडक्या ग्रामोफोनचा भोंगा आणि सुई आणली. आमचं गजराचं घड्याळ उघडून त्याची चावी त्यांनी एका लाकडी पट्टीला जोडली, म्हणजे सुई एका लयीत पुढे सरकेल. मी विचारलं तेव्हा त्यांनी वर्गात सांगावं तसं सांगितलं. तबकडीवर रेघा असतात आणि रेघांत आवाज असतो. ओल्या शेणावर बोटांच्या रेघा उठतात. त्या वाळेपर्यंत खोलीत जे बोललं जाईल, ते त्यांच्यात धरलं जात असणार. "काळ काळ म्हणतात तो दुसरा काय असतो?" ते म्हणाले. "वाळणंच ते."

आईच्या आजारपणातलं शेवटचं सारवण ट्रंकेखाली तेवढं उरलं होतं. आणि ते मी केलेलं होतं.

शास्त्रात मी जेमतेम पास झालेली. यंत्र चालणार नाही असं ठामपणे म्हणायची माझी लायकी नव्हती. मला भीती वाटत होती ती ते चालेल याची. ते सारवलं त्या दिवशी मैत्रिणींबरोबर विठ्ठलवाडीला जायचं ठरलं होतं, आणि सारवणात माझी दुपार चालली होती. खाटेशी ओणवी होऊन हात फिरवताना मी म्हणाले होते, "अजून किती दिवस अशी पडून राहणार आहेस?" आठ दिवसांनी आई गेली. आता ते वाक्य माझ्याच आवाजात भोंग्यातून निघणार, आणि बाबा ते ऐकणार.

म्हणून एक दिवस बाबा शाळेत गेल्यावर मी शेण कालवलं आणि ट्रंक सरकवली. खाली माझ्या बोटांच्या रेघा होत्या, मधे मधे तडे गेलेल्या. मी बराच वेळ हातात गोळा घेऊन बसले. मग ट्रंक परत जागेवर ढकलली. शेण वाया जाऊ नये म्हणून परसात एक गोवरी थापली. एवढाच काय तो माझा गुन्हा.

रविवारी दुपारी बाबांनी ट्रंक बाजूला ओढली आणि घड्याळाला चावी दिली. पालथे पडून त्यांनी भोंग्याला कान लावला. सुई रेघांवरून खर्र खर्र करत गेली, वाळलेल्या शेणाचा भुगा उडाला. त्यांनी एकेक रेघ ऐकली. मी दाराशी उभी राहून शेंगा सोलत होते. किती सोलल्या कोण जाणे, दाणे टरफलांत टाकत होते आणि टरफलं वाटीत.

शेवटी बाबा उठून बसले. कानाला शेण लागलं होतं.

"तू काय म्हणालीस ते मला माहीत आहे," ते म्हणाले. "मी पडवीत वह्या तपासत होतो. त्यावर ती काहीतरी म्हणाली, ते ऐकू आलं नाही. आवाजच राहिला नव्हता तिला."

इतका सगळा खटाटोप त्या एका वाक्यासाठी होता.

"कोपरा राहिला, म्हणाली," मी सांगितलं.

"कुठला?"

मी देवळीखालचा कोपरा दाखवला.

"मग सारवलास?"

"नाही."

बाबा त्या कोपऱ्याकडे बघत राहिले. आत्याने तो आता लखलखीत सारवलेला होता. मला वाटलं, ते रागावतील, निदान मला तरी रडू येईल. दोन्ही झालं नाही. त्यांनी पट्टीवरून घड्याळ सोडवलं, फुंकून साफ केलं आणि फळीवर ठेवलं.

"कोपरा राहिला," ते एकदा स्वतःशी म्हणाले, पाठ करून ठेवावं तसं.

दुसऱ्या दिवशी ट्रंक पुन्हा भिंतीला गेली. ती जागा मी सारवली, सगळे कोपरे धरून, आणि वाळेपर्यंत तोंडातून शब्द काढला नाही. न जाणो.