मध्यंतराआधीचं ‘नको’

सुवर्चला तेरा वर्षं ‘नको’ म्हणत आली होती. कृष्णानगरच्या तेलुगू डबिंग स्टुडिओत, काचेच्या आड, माइकसमोर. पडद्यावरची नायिका पंजाबची नाहीतर दिल्लीची. ओठ तिचे, आवाज तणुकू गावाहून आलेल्या सुवर्चलाचा. नायक कॉलेजच्या फाटकापासून बसथांब्यापर्यंत मागे लागे, नायिका नको म्हणे, आणि मध्यंतरानंतर दोन गाणी झाली की त्याच्याच गळ्यात पडे. म्हणून पहिल्या नकारातच पुढचा होकार जरासा ऐकू यावा लागे. नाहीतर लोक आपल्या नायकाला गुंड समजतील, असं दिग्दर्शक म्हणत.

तो होकार नीट बसलाय की नाही, हे काचेपलीकडचा साउंड इंजिनिअर कोटेश्वरराव ठरवी. विधुर, सभ्य, तिच्या घशासाठी रोज मिऱ्यांचा काढा आणणारा माणूस. उगादीच्या पाडव्यानंतर त्याने तिला लग्नाचं विचारलं. ती नको म्हणाली. तो समाधानाने हसला आणि कामाला लागला. महिन्याभराने तिने पुन्हा सांगितलं. मग त्याच्या बहिणीला सांगितलं. बहीण म्हणाली, किती गोड म्हणतेस गं, आणि तिकडच्या रीतीप्रमाणे श्रावणातला लग्नाचा मुहूर्त काढून आली.

सुवर्चलाच्या दोन खोल्या होत्या, मुगाच्या पेसरट्टूचा, डोशांचा तवा होता, आणि कुणाशी एक शब्दही न बोलता सरणारा रविवार होता. तो तिला कुणाला द्यायचा नव्हता.

दुसऱ्या दिवशी पडदा कोरा असतानाच ती माइकसमोर उभी राहिली.

“रेकॉर्ड करा. मला लग्न नको.”

त्याने सवयीने हेडफोन चढवला आणि तो नेहमीच्या अदबीने म्हणाला, “शेवटी आवाज वळतोय, सुवर्चलागारू. आत हो आहे.”

“तो तुम्हीच बसवलाय. आता काढा.”

दुसऱ्या टेकमध्ये लाज आली. तिसऱ्यात राग आला. रागावलेली नायिका तर पुढे हमखास हो म्हणते, असं त्याचं मत पडलं. चौथ्यात विनवणी आली, तेव्हा त्याने आशेने मान वर केली. पाचव्या वेळी तिने काहीच केलं नाही. मंडईत दोडके नको म्हणावं तसं म्हणाली, “नको.”

त्याने ते तीनदा ऐकलं. तेरा वर्षांत त्याने एकही खोटा टेक पास केला नव्हता. मग त्याने हेडफोन उतरवला.

“आत हो नाही,” तो म्हणाला. “ओके.”