आईचा डावखुरा राजा

आई गेल्याची तार आली तेव्हा बुलढाण्याच्या मुलींच्या शाळेत मी फळ्यावर गणित लिहीत होते. शिपाई दारात उभा राहिला, मी वाचलं, आणि गणित पुरं करून मगच खाली बसले. खडू डाव्या हातात तसाच होता... तो हात आईनं मला राखून दिला होता, म्हणून हे लिहायला बसले. परवा एका पुरवणीत कुणी लिहिलं होतं की, बोलपटाच्या पोरांना आईबापांचे मूकपट नकोत, ते त्यांच्याबरोबरच जातील. जावोत बापडे. आमच्या घरातला एक गेलेला नाही.

आमचं गाव नांदुऱ्यापासून बैलगाडीनं दोन तासांवर. मी पाच वर्षांची असताना नांदुऱ्याला तंबूतला सिनेमा आला आणि आईनं जन्मातला पहिला मूकपट पाहिला. पडदा तंबूच्या मधोमध असे. पुरुष यंत्राच्या बाजूला, बायका पडद्यामागं. पाणी मारून ओल्या ठेवलेल्या कापडातून चित्र मागंही दिसे, पण आरशातल्यासारखं उलटं. अक्षरंसुद्धा उलटी, आईला सुलटीही वाचता येत नव्हती, म्हणून तिचं काही अडलं नाही. राज्य गमावलेला राजा एकटा परत येतो आणि किल्ला जिंकतो, एवढीच गोष्ट. ती सांगताना आई चुलीजवळचं उलथनं तलवारीसारखं उपसायची. स्वतः उजव्या हाताची, पण ते मात्र डाव्या हातात.

पुढं मी शाळेत गेले. गुरुजींनी माझा डावा हात सुतळीनं पाठीशी बांधला. मनगटावरचे वळ पाहून आई, डोक्यावरचा पदर सावरत, भर वर्गात आली. गावातली कुठलीच बाई तोवर शाळेची पायरी चढलेली नव्हती.

"गुर्जी, सोडा तिचा हात."

"डाव्या हातानं विद्या येत नसते, बाई."

"राज्य येते अन् विद्या येत नाही? म्या डोयानं पाह्यलं. राजाची तलवार डाव्या हातात होती. थ्या हातानं त्यानं किल्ला घेतला. माही पोरगी त नुसती पाटी लिहून राह्यली."

गुरुजी सिनेमाला उनाडांचा धंदा म्हणत, कधी फिरकलेच नव्हते. सुतळी सुटली.

त्याच हातानं लिहीत मी अमरावतीच्या कॉलेजात गेले. आमच्या साऱ्या घराण्यात कॉलेज पाहिलेली पहिली मीच. तिथं एका तंबूत तोच मूकपट लागला. रिळं झिजलेली, लोक हसत होते. आता बायकांनाही पुढं बसू देत, म्हणून मी पडद्यापुढं बसले होते... आणि राजानं तलवार उपसली ती उजव्या हातानं.

सुटीत घरी आल्या आल्या मी आईला सांगितलं. शिकल्याचा तोरा होताच. ती भाकर थापत राहिली.

"मले मालूम हाय. तुह्या बापानं त्याच दिवशी सांगतलं होतं, गाडीत. तो पुढं बसला होता ना."

"मग गुरुजींपुढं काऊन म्हटलं तसं?"

"तुह्या हाताच्या बाजूनं बोलाले कोनीच नोतं. म्हून राजाले आनलं." मग माझ्याकडे न बघता म्हणाली, "अन् म्या खोटं नाही बोलली. मी बसली होती तिथून त्याचा हात डावाच होता. बायांले मांगं बसवाले मी सांगतलं होतं काय?"

तेराव्याला माझी सहा वर्षांची शकू पंगतीत डाव्या हातानं जेवत होती. आत्याबाई म्हणाल्या, "आजी गेली, आता लाड सरले. उजवा कर पोरीचा हात."

"आत्याबाई, हात तिचा हाय, तिच्यापाशीच राहीन," मी म्हटलं. "याच हातानं तिच्या मायनं बी.ए.चे पेपर लिहिले."

मला वाटलं, आता राजाची गरज उरली नाही, शकूसाठी मी पुरे. पण हात धुऊन ती माझ्यामागं स्वयंपाकघरात आली आणि म्हणाली, "पण आजीचा सिनेमा कोन सांगन?"

मी सांगितला. आईनं पाहिला तिकडून, पडद्यामागून.

आईचं उलथनं आता माझ्या घरी आहे. आई ते माझ्यासाठी चुलीच्या डाव्या अंगाला ठेवायची. तिथंच ठेवते. घरात येणारं कुणी ना कुणी ते उचलून उजवीकडे ठेवतं. मी पुन्हा डावीकडे आणते... आणि मी नसले, तर शकू.