तोगारच्या आईसमोर मी तिसरा आवाज लावतो

एडमंटनमध्ये उणे सत्तावीस असताना टोरंटोचं तिकीट काढलं, तेव्हा बायको म्हणाली, "थंडीतून उठून थंडीतच जायला पैसे भरतोस?" पण तोगारचं बोलावणं मोडवेना. तोगार माझा जुना रूममेट, इंडोनेशियातला बाताक. त्याच्या आईचा सत्तरावा वाढदिवस होता.

तुम्ही गेलात तर विमानतळावरून किपलिंग स्टेशनची बस पकडा, टॅक्सीच्या नादी लागू नका. पार्टी टोरंटोच्याच एटोबिको भागात, एका चर्चच्या बेसमेंटमध्ये. दारातच एका आजोबांनी माझं आडनाव विचारलं. बाताक लोक आडनावावरून आधी नातं काढतात, मग प्लेट देतात. देशपांडे त्यांच्या कुठल्याच कुळात बसेना! शेवटी तोगारने मला भाऊ जाहीर केलं, तेव्हा कुठे मासा मिळाला. त्यात आपल्या तिरफळासारखं काहीतरी होतं, जीभ पार बधिर. मी दोनदा घेतला.

लग्न असो वा अंत्यविधी, बाताकांना तीन आवाजांतलं गाणं लागतंच. कॅसेटच्या काळापासून त्यांची त्रिकुटं गाजताहेत. दूरदेशी गेलेल्या मुलाला आईशी जे बोलता येत नाही, ते हे तिघे गाऊन टाकतात. घरच्या त्रिकुटात खालचा आवाज तोगारच्या वडिलांचा असायचा. ते गेल्यापासून आई गायलीच नव्हती.

"आज ती गायली पाहिजे, दॅट्स ऑल आय वॉन्ट," तोगार म्हणाला. आणि खालचा आवाज लावणारा मामा नेमका हायवेवर बर्फात अडकलेला.

"तू गा."

"मी?"

"वॉशरूममध्ये रोज गायचास की!"

तोगार, त्याचा चुलतभाऊ आणि मी, पार्किंगमध्ये तासभर तालीम केली. पण मी आरत्यांवर वाढलेला माणूस. आमच्याकडे शंभर जण असले तरी चाल एकच, आणि भक्ती जास्त असेल तर आवाज मोठा. तोगारने सूर लावला की मी त्याच्याच सुरावर जाऊन बसायचो.

"खाली थांब! माझ्या मागे येऊ नकोस!"

शेवटी कसंबसं जमलं. स्टेजवर मात्र आईचा चेहरा पाहून मला इतकं भरून आलं, की मी पूर्ण भक्तिभावाने तोगारच्याच चालीत ओरडत सुटलो. पहिलं कडवं तसंच, दुसरंही तसंच. आजोबांनी डोळे घट्ट मिटून घेतले.

तिसऱ्या कडव्याला आई उठली. काठी टेकत आली, मला हाताने बाजूला सारलं आणि नवऱ्याच्या जागी उभी राहून त्याचा खालचा सूर लावला. तोगार गाता गाता रडायलाच लागला. मीही ढसाढसा रडलो.

माझ्या गाण्याचा आजवर कुणाला उपयोग झाला असेल, तर तो एवढाच. मला तेवढा पुरे आहे. परत येऊन ड्राइव्हवेवरचा बर्फ शोव्हल करत होतो, तर तोगारचा फोन.

"मॉम रोज किचनमध्ये गातेय."

"अरे वा!"

"आणि रोज विचारतेय, तो बेसूर मुलगा परत कधी येणार?"