दिग्दर्शकाला काढल्याचं पत्र

माझ्या पहिल्या फिल्मचा निर्माता मी, दिग्दर्शक मी, कॅमेरा मी, साउंडही मीच. यातल्या साउंडवाल्याने घोळ घातला. घाटकोपरच्या आमच्या बिल्डिंगच्या गच्चीवर शूटिंग चालू असताना पंपाची घरघर रेकॉर्ड होत होती, म्हणून पंप बंद केला आणि परत चालू करायला विसरलो. सातही मजले कोरडे.

सोसायटीची मीटिंग बसली. ठराव झाला, की दिग्दर्शक परत गच्चीवर दिसता कामा नये. शेवटचा सीन नेमका तिथलाच बाकी होता. तो झाला नाही तर दोन वर्षांची मेहनत फुकट. सेक्रेटरीकाकांकडे गेलो. ते म्हणाले, निर्मात्याने दिग्दर्शकाला काढल्याचं लेखी आण, लगेच परवानगी देतो.

"काका, दोघंही मीच आहे."

"ते मला माहितीये रे. फाइलला माहीत नाही ना."

आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला. अर्ध्या बिल्डिंगचे अर्ज मीच लिहिलेत. हेही झकास लिहिलं: 'सदर इसमाची बेजबाबदार वृत्ती पाहता त्यास तात्काळ कमी करण्यात येत आहे.' वाचून मलाच त्या माणसाचा राग आला.

रविवारी काका खुर्ची टाकून गच्चीवर बसले. मी कॅमेऱ्यामागे. बँकेत नोकरी करणारी माझी कॉलेजची मैत्रीण सीनमध्ये वारलेल्या सासूची साडी दोरीवरून काढणार होती. मी सूचना द्यायला तोंड उघडलं तर काका म्हणाले, कॅमेरावाल्याने कॅमेरा बघायचा. मग सांगणार कोण? चहा घेऊन आलेल्या आईकडे वळून ते म्हणाले, "वहिनी, तुम्ही बोला."

आईने किटली खाली ठेवली. "हां, कर चालू."

मैत्रिणीने साडी तोंडाला लावली आणि हुंदका दिला. मी तसंच लिहिलं होतं.

"थांब गं," आई म्हणाली. "रडायला वेळ कुठाय? खाली कुकर लावलाय तुझा. घडी घाल आधी. चिमटे दातात धर."

तिने घडी घातली. खांद्यावर टाकली. चिमटे दातात धरून ती जिन्याकडे निघाली आणि दारात उगाच थांबली. काका खुर्चीवरून उठून उभे राहिले होते. माझ्या डोळ्यांतल्या पाण्याने फोकस दिसेना.

खाली उतरताना मी काकांना विचारलं, आता तरी दिग्दर्शकाला परत घ्यायचं का? ते म्हणाले, निर्मात्याने नवीन अर्ज करावा, मीटिंगपुढे ठेवू.

आई किटली घेऊन पुढे उतरत होती. वळली नाही.

"कशाला? चाललंय ना बरं."