बावीस नंबरची चाल

एमॉस प्रुएट अमेरिकेतल्या ओहायोमधल्या एका लहानशा कॉलेजच्या, तिथल्या धडकाधडकीच्या फुटबॉल संघाचा मालिशवाला. कुणी आडवा पडला, की म्हातारा बादली आणि स्पंज घेऊन धावायचा. १९०४च्या त्या हंगामात एकदा बाहेर गेलेल्याला परत खेळता येत नसे. त्यामुळे डोकं फुटलं तरी पोरं म्हणायची, "मी ठणठणीत आहे!"

नोव्हेंबरातल्या सामन्यात लायल हॅवरकँप डोक्यावर आपटला. उठला, पण नजर भलतीकडेच.

"लायल, बावीस नंबरची चाल कुठली रे?" डोकं ठिकाणावर आहे का, ते पाहायला एमॉसने नेहमीची परीक्षा घेतली.

"चेंडू डावीकडून, मी पुढे, डोकं खाली," लायलने घडाघडा सांगितलं.

"झालं की, प्रुएटबाबा! मैदान आहे हे, न्हाणीघर नव्हे. निघा आता!" कप्तान खेकसला.

एमॉस हसत बाजूला झाला. पुढच्याच धडकेत लायल पडला, तो उठलाच नाही.

दुसऱ्या दिवशी एमॉस त्याच्या घरी गेला. आई म्हणाली, "महिनाभर झोपेतसुद्धा त्या चाली बडबडायचा हो. एक चुकायची नाही."

एमॉस खुर्चीत बसला होता. "झोपेतसुद्धा?" त्याने पुन्हा विचारलं.