माझ्या हातची चिठ्ठी

शिस्तप्रिय. माझ्या भावाच्या शाळेतल्या हेडमास्तरांना निवृत्तीच्या वेळी शाल आणि नारळ दिला, तेव्हा हा शब्द तीन जणांनी भाषणात घेतला म्हणे. मला काही कोणी बोलावलं नव्हतं. पण सतरंज्या टाकायला आमच्याच वस्तीतला माणूस होता, त्यानं येऊन सांगितलं. मी ऐकलं आणि तांदूळ निवडत राहिली. आता ती शिस्त काय चीज होती ते मी सांगते, कारण भाषणवाल्यांना ती कधी खावी लागली नाही.

आम्ही अकोल्याचे, मोर्णा नदीच्या काठच्या वस्तीतले. धर्म बदलल्याला दोनेक वर्षं झाली होती. वडील आदल्या वर्षी वारले. कापसाच्या हंगामात माय आणि मी जिनमधे, सरकी काढायच्या कारखान्यात, कामाला जायचो. माय दिवसभर, मी सकाळी सहा ते अकरा. घरी लहान्या होता, आमचा सगळ्यात धाकटा, दीड वर्षाचा. त्याला अकरापर्यंत कोण पाहणार? माझा भाऊ. बारा वर्षांचा, सहावीत शिकणारा. अकराचा भोंगा झाला की मी धावत घरी यायची, लहान्याला कडेवर घ्यायची, की भाऊ दप्तर उचलून पळायचा. शाळा नदीपलीकडे. आणि शाळेची घंटाही अकराचीच. मग पोरगं अकराला शाळेत पोचणार कसं? हे गणित सहावीतल्या पोराला सुटत होतं, बी.ए. झालेल्या हेडमास्तरांना सुटत नव्हतं.

प्रार्थना झाली की फाटक बंद, हा त्यांचा नियम. तीनदा उशीर झाला की घरून चिठ्ठी आणायची, कारण लिहून, आईच्या नाही तर बापाच्या सहीची. भावाच्या वर्गात एका अडत्याचा मुलगा होता. तो उठायचाच दहाला. त्याची चिठ्ठी दुकानातला मुनीम लिहायचा, शेठजींची सहीही मुनीमच ठोकायचा, आणि नोकर सायकलवरून आणून द्यायचा. साऱ्या शाळेला ठाऊक होतं. हेडमास्तर ती चिठ्ठी वाचतसुद्धा नव्हते, खिळ्याला टोचून ठेवायचे.

आमच्या मायला अक्षर येत नव्हतं. मी शाळेची पायरी चढली नव्हती, पण लिहायला शिकली होती. भाऊ संध्याकाळी पाटीवर एक ओळ काढून द्यायचा, मी तीच गिरवायची, पुसायची, पुन्हा काढायची. तीन वर्षं असंच चाललं. त्यानं झालं काय, की माझं अक्षर हुबेहूब त्याचं झालं. त्याचा ‘ळ’ डावीकडे कलायचा, माझाही तसाच कलायचा. आम्हाला त्याचं कौतुकच होतं.

तर चिठ्ठी मागितली त्या संध्याकाळी भाऊ मला म्हणाला, “बाई, तूच लिहून दे ना. माय अंगठा देईन.”

“अंगठ्याची चालते का रे?”

“नाई. सहीच पाह्यजे म्हणते.”

“मंग मायची सही मीच करीन.”

माय चुलीजवळून म्हणाली, “माही सही कशी असते ते मलेबी दाखवजा वो. म्याबी नाई पाह्यली अजून.”

आम्ही हसलो. मी लिहिलं, ‘सकाळी घरी बाळाजवळ कोणी नसते, म्हणून शाळेला उशीर होतो. माफी असावी.’ खाली मायचं नाव. त्या कागदात एक शब्द खोटा नव्हता.

हेडमास्तरांनी चिठ्ठी भावाच्या वहीशेजारी ठेवली. अक्षर एकच. भाऊ म्हणाला, माह्या बाईनं लिवली.

“तुझी बहीण कोणत्या शाळेत जाते?”

“कोणत्याच नाई, गुरुजी.”

“मग ती काय आकाशातून शिकली?”

वर्ग हसला. हेडमास्तरांना असं हसवायला फार आवडायचं. मग छड्या. मग शाळेतून नाव काटलं. तेवढ्यानं पोट भरलं नाही म्हणून शिपायासोबत चौकीवर पाठवलं, थोडी दहशत बसू द्या म्हणे. हवालदारानं दहशत काय घातली माहीत नाही, पण त्यानं भावाचं नाव वहीत लिहून घेतलं. खोटे कागद करणारा. बारा वर्षांचा.

आता शाळा नाही म्हटल्यावर पोरगं जाणार कुठं? अकरापर्यंत लहान्याला पाहायचं, मी आली की जुन्या शहराच्या बाजारात फिरायचं. पंधरा दिवस झाले नाहीत, तर कापडाच्या दुकानासमोरून कोणाच्या तरी सायकलचा दिवा गेला. हवालदारानं वही उघडली आणि भावाला उचललं. दिवा त्याच्याजवळ सापडला नाही. सापडायची गरजही कोणाला वाटली नाही.

कोर्टातला कारकून बरा माणूस होता. तो मायला म्हणाला, शाळेतून एक कागद आणा, मुलगा आमचा विद्यार्थी आहे, वर्तणूक ठीक आहे, एवढाच. मॅजिस्ट्रेट साहेब सोडून देतील. परवापर्यंत आणा.

मायचा खाडा झाला तर कामच जात होतं. मी गेली.

हेडमास्तर व्हरांड्यात खुर्चीवर होते. बाजूला फळा, त्यावर रोजचा सुविचार. मी म्हटलं, “गुरुजी, ते चिठ्ठी मी लिवली व्हती.”

“तू?” ते हसले.

मी खडू उचलला आणि सुविचाराखाली सगळी चिठ्ठी लिहून दाखवली. सकाळी, बाळाजवळ, शाळेला. चारही ‘ळ’ कलले. त्यांनी चष्मा वर करून पाहिलं. मला वाटलं, आता काय बोलतील, आता सुटला भाऊ.

ते म्हणाले, “म्हणजे खोटी सही करणारे घरात दोन आहेत.”

“शेठजीची सही मुनीम करते, गुरुजी. त्याचं काय?”

“ती त्यांची घरची व्यवस्था आहे.”

असं बोलले. डोळ्याची पापणी न हलवता. मग त्यांनी एक कागद लिहिला, घडी घालून माझ्या हातात दिला, “हा साहेबांना दे,” आणि शिपायाला फळा पुसायला सांगितलं.

बघा, या माणसानं मला नुकतंच लिहिताना पाहिलं होतं. तरी मला वाचता येत असेल हे काही त्याच्या डोक्यात आलं नाही. पुलावर मी घडी उघडली. ‘सदर मुलाची वर्तणूक असमाधानकारक असून घरातील वळणही बरे नाही. त्यास सुधारगृहात ठेवणे त्याच्या हिताचे होईल.’ हिताचे. अक्षर मात्र सुरेख, मोत्यासारखं.

मी तो कागद फाडून नदीत टाकला. दुसरा लिहावा असं मनात आलं होतं, खोटं कशाला सांगू. कसा लिहायचा ते आता कळलं होतं. पण माझ्या हाताला अक्षर एकच येत होतं, आणि ते अक्षर चौकीपर्यंत पोचलेलं होतं. मी रिकाम्या हातानं गेली.

“शाळेचा कागद?” कारकुनानं विचारलं.

“देल्ला नाई.”

साहेब म्हणाले, “शाळाच ठेवायला तयार नाही, तर आपण तरी कुठं ठेवणार?” आणि सोळा वर्षं पुरी होईपर्यंत अमरावतीला, पोरांना सुधारायच्या एका घरात, अशी व्यवस्था लावून दिली. जितका वेळ चहा प्यायला लागतो, तितकाही लागला नाही. भाऊ माझ्याकडे वळून म्हणाला, “बाई, लहान्याले सकाळचं कोण पाह्यन आता?” सगळ्या प्रकरणात हा प्रश्न कोणी विचारलेला मी पहिल्यांदा ऐकला.

तो परत आला तेव्हा मिसरूड फुटलं होतं आणि डोळे खाली ठेवून बोलायची सवय लागली होती. काम मागायला गेला की दाखला मागायचे. दाखल्यावर हेडमास्तरांचा शेरा, लाल शाईत. कोणी म्हणायचं उद्या ये, कोणी तेवढंही नाही. दोन वर्षांनी त्यानं एका वखारीतून सरकीची दोन पोती उचलली. या वेळी खरंच उचलली, मी त्याची बाजू घेणार नाही. या वेळी मोठा जेल.

चौकीवर मी भाकर घेऊन गेली. हवालदार तोच होता, पोट सुटलेलं. मला ओळखून म्हणाला, “पाह्यलं ना बाई? आमी तवाच वळखलं होतं याले.”

मी म्हटलं, “दादा, मंधातले चार वर्षं तो तुमच्या लोकायजवळच होता. आमच्याजवळ असता तं जबाब म्या देल्ला असता.”

त्यानं मला दारातून बाजूला व्हायला सांगितलं. आत घ्यायला आणखी तीन पोरं उभी होती.